टोपी काढून या

खडकीच्या पार्लरमध्ये शेजारी बसलेल्या मायलेकींचं बोलणं कानावर पडत होतं.

"निशा, रविवारी तुला बघायला येणार आहेत. केस सरळ करून घे."

"नाही करणार."

"मग असे पिंजारून बसणार त्यांच्यासमोर? हे त्या केनियाच्या मैत्रिणीचं खूळ!"

"वांजिरूने केस सरळ करणं सोडलं, तेव्हापासून मलाही माझे कुरळे आवडायला लागले."

"मुलाला आवडायला नकोत?"

"त्याच्या प्रत्येक फोटोत टोपी आहे, पाहिलंस?"

"ऊन लागत असेल."

"घरातसुद्धा?"

"टक्कल असेल म्हणतेस?"

"असू दे की, मला चालेल. मी आहे तशी बसेन, त्यानेही टोपी काढून बसावं."

"अहो पार्लरवाल्या ताई, हिचे केस सरळ करायचं राहू द्या. निशा, त्याच्या आईला फोन लाव. टोपीचं मीच सांगते."