मंडळाच्या नावाने

…चूक झाली, हे मी तू आत आल्या आल्याच म्हटलं ना, हितू — तो हंगेरीचा पिक्चर फेसबुकवरच्या त्या परदेशी पिक्चरवाल्यांच्या ग्रुपमध्ये टाकायचा होता, आपल्या मंडळाच्या भिंतीवर पडला. पण घाणेरडा? एक म्हातारी आजारी नवऱ्याला अंघोळ घालते — कपड्यांसकट घालेल का? तू सेक्रेटरी, तू तरी बघितलास? खाली चाळीस जणांनी ‘मोरया’ लिहून हात जोडलेत, न उघडताच. अख्खा बघितला तो एकट्या गुणवंतीकाकूंनी, मगच तक्रार केली.

आणि ही सवय लावली कुणी? तुम्हीच. बर्फातल्या गावाचा देखावा करायचा होता तेव्हा ‘मालनताई, फोटो शोध’ — शोधता शोधता एक पिक्चर लागला. भाषा कळेना, एक बाई नुसती रस्त्याकडे बघत उभी, आणि माझी इकडे भाकरी करपली. असले पिक्चर थेटरात नाही लागत रे. कुणीतरी फेसबुकवर टाकतो, चार दिवसांत उडतो, परत माग काढायचा.

मंडळाच्या खात्यावरून कशाला? मग कुणाच्या? माझं काढते म्हटलं तर दीपक, सख्खा भाऊ, पन्नाशीच्या बहिणीला म्हणतो, तुला काय करायचंय. मंडळाला कोण अडवतो? त्या ग्रुपमधले लोक मला मंडळच म्हणतात. त्यात एक यानोश आहे, हा पिक्चर त्यानेच शोधला, माझ्यासाठी — मंडळासाठी. रोज विचारतो, मंडळ, जेवलात का? — असा बघू नकोस. या घरात सगळ्यांना वाढते मी. मला विचारलंय कधी कुणी?

पासवर्ड नाही मिळायचा. घ्या मीटिंग. तुम्हाला नवीन खातं काढून देते, आरतीच्या वेळा टाका, मिरवणूक टाका. हे माझ्याकडे राहणार — सगळी वर्षं मीच चालवलंय. बाप्पाचा फोटो काढते, माझा लावते, नाव लावते, मालन घाडी. कळू दे त्याला, मंडळ म्हणजे एकच बाई होती. — मग बोलेल की नाही? ते तो आणि मी बघू.

फक्त माझा एकटीचा फोटो नाही. सगळ्यांत मी कडेला, आरतीचं ताट धरून. धर हा फोन. खिडकीकडून घे, मागे दर्शनावहिनीची धुणी नकोत. — नाही, हसणार नाही मी. घे असाच.

काढलास? दे इकडे. जा आता.