सत्ताविसावं पातं

"सतरा मे. आभाळ साफ, सकाळी आठलेच गरम हवा." — हे पाय खुशबू, माह्याच अक्षरात हाय. बस बेटा. एवढ्या उन्हात हुडको कॉलनीवरून कायले आली? तुह्या बापाची चूक नोती, हे मी चौकशी कमिटीपुढं सांगणारच हाय. तुहा बाप शेषराव हसे मले — "जानराव, डायरी हाय का पंचांग? पयले हवा लिवतो, मंग काम!" वीस वर्सं हसला.

कमिटीवाल्यायचं म्हणणं काय — शेषरावनं वर चढून डिटेक्टर लावला नाही, करंट हाय का पाह्यलं नाही, म्हणून मेला. नियम तसाच हाय, खोटं कायले बोलू? पण आमच्या विजेच्या यार्डाची रीत ऐक. वर दोन बसबार — लांब नळे, साऱ्या लाइनी त्यायलेच जोडल्या. एक चालू ठेवाचा, दुसऱ्याची सफाई कराची. त्या दिवशी दोन नंबरची होती. बंद कसा करतेत? त्याचे नऊ आयसोलेटर, म्हंजे मोठे स्विच, उघडाचे. एकेकाले तीन पाती, दरवाज्यावानी. नऊ तिरी सत्तावीस. कंट्रोल रूममधल्या दिव्यावर भरवसा नाही ठेवाचा — एकेका पात्याखाली उभं राहाचं, डोळ्यानं पाहाचं, हात वर करून वरडाचं — "एक उघडं! दोन उघडं!" सत्तावीस ऐकलं का शेषराव अर्थिंगचा रॉड — उरला करंट जमिनीत उतरवाचा — घेऊन चढे. माहा आवाज ऐकल्यावर त्यानं कधी डिटेक्टर नाही काढला. कावून काढीन? वीस वर्सांत माहा आकडा चुकला नोता.

शेवटचं पातं सूर्याकडं हाय. सकाळी तिकडं कोणालेच दिसत नाही — नाही, दिसते. बाकीच्याइले दिसते. मले मोतीबिंदू हाय. डोळ्याच्या मेडिकलले अक्षरांचा तक्ता पाठ करून गेलतो. तुह्याच बापानं पाठ करून देला, सेक्टर दहाच्या चायच्या टपरीवर बसून. मंग ते पातं कोण पाहे म्हणतं? तोच पाहे. पाहे अन् शिटी मारे, मंग मी वरडो. दोघायलेच मालूम.

त्या दिवशी त्याची ड्युटी बसबारच्या दुसऱ्या टोकाले होती, तिकडूनच चढाचं होतं. शिटी नाही आली. मी वर पाह्यलं — निसता उजेड. मांगं सहा जणं उभे. कोणाले म्हणू, मले दिसत नाही? नोकरी गेली असती. वरडलो — "सत्तावीस उघडं!" पातं अर्ध्यात अटकून होतं, बसबारात करंट तसाच. त्याले वाटलं असन, जानरावनं कोणाले तरी दाखवून घेतलं. दाखवल्याबिगर जानराव बोलत नाही. चढला. रॉड लावला, अन्... ते पान नको वाचू.

ऑफिसच्या लॉगबुकात सत्तावीस लिवलं हाय, डायरीत सव्वीस. पुण्यानुमोदनाच्या दिवशीच सांगाचं होतं. तुह्या मायनं मले पयले पाणी देलं, ते पेलो अन् निंगून आलो. तू रडून राहिली का? — नाही? मंग असं पाहू नको माह्याकडं. "काका, कमिटीपुढं सांगसान का" — हे त बिलकुल नको विचारू. माहा भरवसा नाही. तिथं खुर्चीवर बसलो का मी पुन्हा सत्तावीस म्हणीन. तू डायरीच घेऊन जाय. आज अकराले बसतेत ते.

थांब, आजची ओळ लिवू दे.

"दोन जून. कडक ऊन, वारा नाही. सतरा मेले पाती पाह्यली सव्वीस, सांगतली सत्तावीस. डायरी दहा वाजून वीस मिनटाले शेषरावच्या पोरीच्या हाती देली. — जानराव."