मेव्हण्याचा ऐतिहासिक चेहरा

...नाही, मला एक सांगा, स्वतःच्या मेव्हण्याला मी ओळखणार नाही? संग्रहालयात भिंतभर फोटो लावलाय, खाली लिहिलंय 'विणकरांच्या संपाचे पुढारी, भाषण करताना', आणि मी तिथल्या संचालक बाईंना जीव तोडून सांगतोय, बाई, हा पुढारी नव्हे, हा माझ्या बायकोचा धाकटा भाऊ, विमा कचेरीत कारकून आहे, आणि बाई म्हणतात, "पटत नाही!"

तुम्हाला सांगतो, हे 'पटत नाही' माझ्या पाचवीलाच पुजलंय! तीन कथापट काढले मी. पहिल्यावर समीक्षक म्हणाले, कथा पटत नाही. दुसऱ्यावर, नायक पटत नाही. तिसऱ्याला तर बायको, घरची बायको, मध्यंतरातच कानात म्हणाली, "अहो, मलासुद्धा..." जाऊ दे. म्हटलं, माहितीपट करू, इतिहास तरी पटेल! म्हणून हा ऐंशी वर्षांपूर्वीचा संप घेतला. पण पुढाऱ्याचा एक फोटो मिळेल तर शपथ! पडद्यावर काय दाखवू, माझं कपाळ? मग मेव्हण्याला मिशा चिकटवल्या, पिंपावर उभा केला, फिल्मवर सुईनं ओरखडे काढले... खाली स्वच्छ पाटी होती हो, 'नाट्यरूपांतर'! वाहिनीवाल्यांनी ती उडवली. का? तर म्हणे, "रसभंग होतो!" झालं! त्यातलंच एक चित्र लोकांनी खरा फोटो म्हणून उचललं, आणि वीस वर्षं तो मेव्हणा पाठ्यपुस्तकातसुद्धा भाषण करतोय.

आणि आता खरा फोटो सापडला. पुढाऱ्याच्या नातीकडे, ट्रंकेत. किरकोळ माणूस, टक्कल, एक खांदा उतरलेला, आणि डोळे... तीन दिवस पोटात काही नाही असे डोळे. लाज वाटली हो मला. या माणसाच्या जागी मी आमचं ते गुटगुटीत ध्यान उभं केलं! म्हटलं, आयुष्यात एवढं एक तरी नीट करू. पुरावा म्हणून मेव्हण्यालाच नेला बाईंपुढे. बाईंनी त्याच्याकडे पाहिलं, भिंतीकडे पाहिलं, "अय्या, काय साम्य! हे त्यांच्याच घरातले का?" आणि हा गाढव... लाजला!

शेवटी नातीला म्हटलं, आजी, तुम्ही चला, तुम्ही सांगा हे तुमचे आजोबा.  म्हातारी म्हणाली, "बाळा, असे दिसायचे म्हणून तर त्यांचं कुणी ऐकलं नाही. त्या भिंतीवरच्यापुढे पोरं उभी राहतात रे. राहू दे त्यालाच." आणि माझ्या हातातला फोटो काढून घेतला. आता बोला!

परत गेलो बाईंकडे. म्हटलं, तुमचंच खरं. पण जन्मात पहिल्यांदा माझं काही लोकांना पटलंय, फोटोखाली माझं नाव तरी घाला! बाईंनी चष्म्यावरून मला वरपासून खालपर्यंत पाहिलं. "संप झाला तेव्हा वय काय होतं तुमचं?"

आता पाटी तशीच आहे. 'छायाचित्रकार अज्ञात.' मला ओळखतंय कोण? त्या अख्ख्या भिंतीवर तेवढं एकच खरं आहे हो.