बसायची सोय

—नाही, ती खुर्ची आधी खाली ठेवा भाऊ. घासत नेऊ नका, उचलून ठेवा. हां. आणि ती रिकामी नाहीये, त्यावरचे गृहस्थ कपाटाकडे पुस्तक आणायला गेलेत. काय? कागद? वाचला की मी कागद. शाखेतल्या सर्व खुर्च्या व टेबलं नव्या मध्यवर्ती वाचनालयात हलवावीत, सोबत टेम्पो पाठवत आहोत — वाचलं. सहीसुद्धा खरी आहे, साहेबांचीच, ती लांब शेपटीवाली. म्हणून काय बाजूला होऊन तुम्हाला वाट करून देऊ? इथली ग्रंथपाल मी आहे. तुमचा यात काही दोष नाही हो — तुमचा टेम्पो भाड्याचा, कुणी सांगितलं तर विटा, कुणी सांगितलं तर खुर्च्या. पण ह्या खुर्च्या मिळणार नाहीत.

का, असं तुम्ही विचारलं नाहीत, तरी सांगते. शहरातल्या वाचनालयांचा म्हणे आराखडा झालाय. सल्लागार आणले होते, चांगले इस्त्रीचे. नदीकाठी ती काचेची इमारत उभी राहिली ना — तिथे म्हणे सगळं. आम्ही शाखांनी नुसतं पुस्तक द्यायचं आणि घ्यायचं, तेही माणसाने नाही, भिंतीला यंत्र लावणार — कार्ड दाखवा, पुस्तक घ्या, चालू पडा. बसून वाचायचंय? मग या काचेच्या इमारतीत, दोन बस बदलून! ती पुढच्या टेबलावरची आजी येणार आहे दोन बस बदलून? तिचा मोतीबिंदू काढलाय आत्ताच. मोठ्या अक्षरांची पुस्तकं मी तिच्यासाठी बाजूला ठेवते आणि ती इथेच वाचते, घरी नेत नाही, घरी सून दिवसभर टीव्ही लावते. ती खिडकीजवळची मुलगी नर्सिंगच्या परीक्षेचा अभ्यास करतेय, घरी एका खोलीत सगळे. आता ह्यांच्यापैकी कुणी पुस्तक घरी नेत नाही, म्हणजे यंत्राच्या हिशोबाने ही माणसं इथे आलीच नाहीत! आमच्या शाखेपुढे आराखड्यात काय छापलंय माहितेय? वापर अत्यल्प. अत्यल्प म्हणे. या ना दुपारी, बसायला जागा शोधून दाखवा.

मी गेले होते सभेला. नागरिकांच्या सूचना ऐकणार म्हणाले होते — ऐकल्या कसल्या, मोठ्या पडद्यावर चित्रं दाखवली. एकदम एक फोटो आला, आमच्याच शाखेचा, तो बघा, त्या मागच्या कोपऱ्यातला. खुर्चीत झोपलेला माणूस — आत्ता तिथे बसलाय ना, तोच. मान मागे टाकलेली, तोंड उघडं, चष्मा कपाळावर, पोटावर पेपर. वर मोठ्या अक्षरांत — सुविधेचा गैरवापर. सगळं सभागृह हसलं. पोट धरून हसले लोक. मी उठले, म्हटलं, साहेब, खुर्चीत माणूस दिसतोय, म्हणजे खुर्ची उपयोगी पडतेय ना? तर म्हणाले, तुमची सूचना विचारात घेतली जाईल. घेतली विचारात — तुम्हाला टेम्पो घेऊन पाठवलं!

अहो, झोपतो म्हणजे काय हौस आहे का त्या माणसाला? दुधाच्या डेअरीत रात्रपाळी, पहाटे सुटतो. घराखाली पत्रे कापायचं वर्कशॉप, सकाळ झाली की करवत सुरू, फळीवरची भांडी थरथरतात. कानात कापूस घालून बघितला, डोक्यावर उशी घेऊन बघितली, दुसरी खोली बघितली तर भाडं आवाक्याबाहेर — दिवसचे दिवस डोळ्याला डोळा नाही, डोळे लालबुंद, शेवटी तर ताटावरच पेंगायला लागले, मी घास हातातून काढून घेतला आणि म्हटलं—

काय झालं? असे बघताय काय माझ्याकडे?

हो. माझा नवरा आहे तो. झालं समाधान? आता म्हणा, बाई नवऱ्यासाठी भांडतेय. म्हणा खुशाल! सभेत म्हणूनच नातं नाही सांगितलं, सगळ्यांची गोष्ट माझ्या घरची करून मोकळे झाले असते. इथे आम्ही ओळखसुद्धा दाखवत नाही एकमेकांना. ते येतात, कार्ड दाखवतात, मी मान हलवते, पेपर घेऊन कोपऱ्यात जातात. त्यांचाच हट्ट — तुझ्या नोकरीवर गदा नको. आणि वाचतातही हो, उठल्यावर! समुद्रावरची पुस्तकं, जहाजं, वादळं, असलं सगळं. समुद्र बघितला नाहीये अजून. घोरत नाहीत — म्हणजे, थोडं. मग आजी काठीने टेबलाला ठोकते आणि ते कूस बदलतात, कुणाची काही तक्रार नाही. रात्रभर सगळ्या शहराचं दूध पिशव्यांत भरायचं, आणि त्या शहरात डोळे मिटायला एक खुर्ची नको? नवऱ्यासाठी भांडते, हो! आणि आजीसाठीही भांडते, कारण तिची सून येणार नाहीये भांडायला. साहेबांना राग येईल, बदली करतील, कपाटं पुसायला पाठवतील. पाठवू देत.

बरं, असं करा. मी काही दारात आडवी पडत नाही. न्यायच्यात ना खुर्च्या? न्या. फक्त बसलेल्या माणसाला मी उठवणार नाही, ते तुम्ही करायचं. जा, आजीपासून सुरू करा. खांद्याला हात लावा आणि म्हणा, आजी, उठा, खुर्ची हवीय. जा की! आता का पाय जड झाले?

थांबा — थांबा जरा. अहो! अहो, पिशवी का उचललीत? कोपऱ्यातून उठून कुठे निघालात? तुम्हालाच म्हणतेय. ऐकलंत ना सगळं? मग ऐकल्यावर तर मुळीच जायचं नाही. बघू देत सगळ्यांना, माझ्या नवऱ्याशी बोलतेय मी, चोरी नाही करत. नोकरीचं माझं मी बघीन. नाही, बाहेर बाकावर नाही, इथेच. अहो, तुम्ही उठलात की ती खुर्ची रिकामी, आणि हे भाऊ तेवढ्यासाठीच उभे आहेत. बसा. बसा म्हणते ना मी.

हां. चष्मा काढून ठेवा नीट, आणि झोपा.

आणि तुम्ही, भाऊ, निघा आता. साहेबांना सांगा, एकही खुर्ची रिकामी नव्हती. दार हळू ओढून घ्या, वाचनालय आहे हे.