काटा हलू नये म्हणून

चपला तिकडेच ठेवा, मॅडम, बाजेपासून लांब — टाचेत खिळे असतात ना, मागच्या वेळी तुम्हीच बोलल्या होत्या. लोखंडी पलंग त्याच दिवशी बाहेर काढला आम्ही, सासूबाईंना या सुतळीच्या बाजेवर निजवलं. मी केसांतले आकडेपण काढले, ते बघा, देव्हाऱ्यात ठेवलेत. पाणी घेता? — मग चहा? — बरं, बरं, आधी मशीन लावा.

मला नाही हो त्यातलं काही कळत, पण तुम्ही सांगितलं ते ध्यानात आहे. बोललेलं माणसाला आत समजलं, की डोक्याभोवतीचं चुंबक सरकतं आणि काचेतला हा काटा हलतो. नुसतं कानावर पडून भागत नाही. असंच ना? हां. मागच्या वेळी ह्यांनी आईशी बोलून बघितलं, काटा ढिम्म. बिचारे ओट्यावर जाऊन रडले. पण मॅडम, ते बोलले काय? "मातोश्री, आपली प्रकृती कशी आहे?" आता सांगा! सासूबाईंना उभ्या जन्मात कुणी मातोश्री म्हटलं नाही, अख्खं प्रकाशा गाव त्यांना जिजी म्हणतं. आमच्याकडे असंच — हापिसातलं माणूस दारात आलं की आमची अहिराणी बोली मागच्या दारानं पळते. मीसुद्धा बघा ना, कशी शाळेतलं बोलतेय तुमच्याशी.

भाषा चुकली म्हणून काटा हलला नाही, हे मला तेव्हाच कळलं होतं का? — कळलं होतं. मग बोलले का नाही? कामात होते हो, चुलीवर भाकर होती — नाही, भाकर-बिकर काही नव्हती. तुम्ही ह्यांना सांगणार नाही ना? काटा हलला, की तुम्ही जिजीला बोलतं करायला नेणार. ती बोलायला लागणार. लागू दे की, मी काय वाईट चिंतते तिचं? अंग मी पुसते, पेज मी भरवते. पण डॉक्टर म्हणाले, हिला आता काही समजत नाही — म्हणून मी बोलायला लागले हिच्याजवळ. माणसाला कुणीतरी लागतं ना बोलायला? माझी आई गेली तेव्हा मळ्यात केळीची कटाई चालू होती. मजुरांच्या भाकरी कोण करील, म्हणून हिनं मला जाऊ दिलं नाही. आईचं तोंडही दिसलं नाही मला. इतकी वर्षं गिळलं ते, आणि एक दिवस हिची पाठ पुसता पुसता तोंडातून निघालं, मग थांबेच ना — रोज, मॅडम, रोज तेच. ती नुसती छताकडे बघत पडायची. मला वाटायचं, भिंतीशी बोलतेय.

काय बोलायची म्हणता? काय बोलणार — "जिजी, मन्ही माय मरनी तवय तुम्हीन माले जाऊ नही दिधं. आते तुम्हनं हागणं-मुतणं मीच काढस. मरी जा ना आते. माले सुटू द्या." असं बोलायची मी. पडलेल्या माणसाला. लाज वाटते हो, फार लाज वाटते. म्हणून म्हटलं, आज बी काटा नाही हलला तर बरं — म्हणजे तिनं काही ऐकलंच नाही असं होईल, आणि मी —

काय झालं? तिकडे काय बघताय?

काटा वाऱ्यानं हलला असेल. पंखा? पंखा बंद आहे, मीच केला बंद. मग धक्का लागला असेल बाजेला — थांबा, काही लिहू नका, मॅडम, थांबा ना. कधीपासून हलतोय? मी आत्ता ते बोलले तेव्हापासून?

जिजी? जिजी, मन्हाकडे देखा... तुम्हना डोयामा पानी शे.

मॅडम, रडतेय ती. उठा तुम्ही. ओट्यावर जाऊन बसा — नही, घर जा. हाई मशीन बी लई जा. जिजीले समजस, माले मशीनबिगर बी दिखी ऱ्हायनं.