काट्याला ‘हाय’ कळंना

चहा येईस्तोवर हे ऐका. इस्लामपूरकडच्या एका साखर कारखान्यात, उसाच्या वजनकाट्यावर मी बोलका प्रोग्रॅम बसवला होता. मशीन विचारणार, “गाडी तयार आहे का?” ड्रायव्हर “आहे” म्हणाला, की त्या शब्दाला नेमून दिलेलं काम प्रोग्रॅम जागच्या जागी शोधणार आणि वजन घेणार.

सकाळभर येणाऱ्या प्रत्येक गाडीसाठी माइकपुढं मीच “आहे, आहे” करत होतो, झकास चाललं. मग माइक ड्रायव्हरांकडं फिरवला. पहिलाच मामा ट्रॅक्टरवरनं ओरडला, “हाय!”

मशीन म्हणालं, “असं काही सापडत नाही.”

“आरं, हाय की! एवढा ऊस दिसंना व्हय तुला?”

“असं काही सापडत नाही.”

मी पळत गेलो. “मामा, ‘आहे’ म्हणा.”

“मी काय शाळंत आलोय व्हय रं?”

मागं रांगेत हॉर्न सुरू. प्रोग्रॅम बंद करावा, तर आत गेलेल्या गाड्यांची वजनं पुसली जाणार. नशीब, प्रोग्रॅम लिहिलेली भाषाच अशी, की चालू प्रोग्रॅमला नवा शब्द शिकवता येतो. देवाचं नाव घेऊन एक ओळ घातली: हाय म्हणजे आहे.

“आता म्हणा, मामा.”

“हाय!”

काट्यावर आकडा उमटला. तेवढ्यात पुण्याहून आमच्या साहेबांचा फोन, “सगळं चालू आहे ना?”

जीव एवढा भांड्यात पडलेला, तोंडातनं निघालं, “हाय साहेब, लय झ्याक हाय!”

“काय? काही कळलं नाही.”

मशीनला चालू असतानाच शिकवलं, पण साहेबांना शिकवायचं, तर आधी बंदच करावं लागणार की!