साखळीचं टोक

बसा. पहारी त्या भिंतीला लावा आणि बसा खाली. बबनकाका, बॅटरी माझ्या तोंडावर मारू नका, मी काही पळून चाललो नाही.

तुम्ही कुठं निघालात ते मला ठाऊक आहे. धबधब्याच्या वळणावर. रुंदीकरणवाल्यांनी परवा खुंट्या ठोकल्या, लाल डोक्याच्या, आणि त्या नेमक्या बबनकाकांच्या हॉटेलाच्या ओट्यातून गेल्या. म्हणून आज रात्रीत त्या उपटायच्या आणि आठ हात दरीच्या अंगाला ठोकायच्या. साहेबाला काय कळतंय! बरोबर ना? सात जण आहात, सगळ्यांचे केस पांढरे, आणि जमलात कुठं, तर मारुतीच्या देवळामागं, चोरासारखे.

जा. मी आडवा पडणार नाही. पण जायच्या आधी ऐका. तात्या, तुम्ही पुढं बसा. तुम्हाला सोयीनं कमी ऐकू येतं.

माझी लायकी काढू नका, ती रोज निघते. कॉलेज सोडलेला उम्या, वडापची जीप चालवतो, बापाचं नाव घालवलं. हो, सोडलं कॉलेज. सिव्हिलचा डिप्लोमा दीड वर्ष केला आणि सोडला. त्या दीड वर्षात एकच काम मनापासून शिकलो, जमीन मोजायचं. आणि तेच माझ्या जिवावर बेतलं. ऐका.

खाली पेठेत तो बोर्ड लावलाय, ‘निसर्गरम्य राज्यमार्ग’. पुण्या-मुंबईची माणसं त्याच्यासमोर फोटो काढतात. पेठेतून निघालं की ओढ्यावरचा पूल, मग सागाची राई, मग घाट लागतो. डाव्या हाताला दरी, उजव्या हाताला कडा, पावसात सगळं पांढरंशुभ्र. गाड्या थांबतात, लोक मक्याचं कणीस खातात, वा वा म्हणतात. ही वाट कशी झाली ते बोर्डावर कुणी लिहिलेलं नाही.

आधी ही मिठाची वाट होती. वंजाऱ्यांचे बैल खालून मीठ आणायचे, वरून धान्य न्यायचे. बैलाला अक्कल होती. तो पाणथळीवर पाय द्यायचा नाही. डोंगराच्या कण्यावरनं, धारेधारेनं वर चढायचा, ढेब्यांच्या धनगरवाड्यावरून. मग गोरा साहेब आला, त्यानंही त्याच धारेवर घोड्यापुरती वाट कोरली. मग बहात्तरचा दुष्काळ. खडी फोडायची कामं निघाली. सरकार म्हणालं, ह्याच वाटेचा रस्ता करू. आखणी झाली, खुंट्या बसल्या. कुठून? धारेवरून! म्हणजे धनगरवाड्याला रस्ता आणि आपल्या पाटेकोंडला ठेंगा.

आणि मग एका रात्रीत खुंट्या चालायला लागल्या.

कोण हसलं? हसा. शिमग्याला दोन पेले पोटात गेले की तुम्ही सगळे हाच पराक्रम सांगता. ‘आम्ही होतो म्हणून राज्यमार्ग गावातून गेला!’ धार सोडून रस्ता खाली आला, पाणथळीवर, जिथं बैलसुद्धा जात नव्हता. त्या कामावर बयाजी ढेबे म्हणून धनगरवाड्याचा एक जवान गडी मोजणीची साखळी ओढायचा. तो कड्यावरून गेला. हे सांगताना मात्र तुमचा आवाज बारीक होतो. पाय घसरला म्हणता. नशीब म्हणता.

तेव्हापासून दर पावसाळ्यात तिथं दरड येते. तेव्हापासून तुमचा नियम आहे: रात्री नऊनंतर त्या वळणावर थांबायचं नाही, आणि कुणी काही हातात दिलं तर घ्यायचं नाही. का? विचारलं की म्हणता, गप ए!

मागच्याच्या मागच्या कार्तिकात तात्यांच्या डोळ्याचं ऑपरेशन झालं. मी त्यांना पेठेतून आणत होतो. डॉक्टरनंच उशीर केला. पट्टी बांधून बाहेर आले तेव्हा साडेआठ. डोळ्यावर हिरवं फडकं, आणि तोंड चालूच. म्हणाले, “उम्या, भजी खाऊया की रं.”

मी म्हणालो, “तात्या, नऊच्या आत वळण पार करायचंय.”

“आरं, मला भ्या घालतोस? ह्यो रस्ता आणलाय कुणी?”

भजी खाल्ली. दोन प्लेट. निघालो तेव्हा नऊ वाजून गेले होते.

पूल गेला. राई गेली. धुकं असं की माझ्या दिव्यांचा उजेड माझ्याच तोंडावर परत येत होता. मैलाचा दगड दिसला, ‘पाटेकोंड ५’. ठीक. मग ‘पाटेकोंड ४’. वळण आलं. गिअर टाकला, वळलो, पुढं गेलो. पुन्हा दगड. ‘पाटेकोंड ४’.

म्हटलं, आधीचा चुकून वाचला असेल. पुढं गेलो. पुन्हा वळण. पुन्हा दगड. ‘पाटेकोंड ४’. आणि ह्या वेळी दगडाचा चुना ओला होता. ओघळत होता! जीपच्या दिव्यात ते थेंब खाली पडताना दिसले मला.

मी म्हणालो, “तात्या, चकवा लागला.” ते म्हणाले, “गाडी थांबवू नगंस.” बास, एवढंच.

मी थांबवली नाही. गाडीच थांबली. समोर डांबरात खुंट्या होत्या. चुना फासलेल्या, लाकडी, आडव्या ओळीत, ह्या कडेपासून त्या कडेपर्यंत. डांबरात! पहारीनं ठोकल्या तरी जात नाहीत, आणि ह्या अशा उभ्या, लोण्यात रोवल्यासारख्या.

आणि बबनकाका, ऐका. तुमचं हॉटेल नव्हतं तिथं. तुमचा तो लाल बल्ब रात्रभर जळतो ना? बल्ब नव्हता, पत्रा नव्हता, ओटा नव्हता. नुसती कारवीची झाडी. हॉटेल बांधायच्या आधीचं वळण होतं ते.

मी खाली उतरलो. उतरायला नको होतं, माहिती आहे. पण मागं घाट, पुढं खुंट्या. म्हटलं, दोन उपटू आणि निघू. पहिल्या खुंटीला हात घातला आणि आवाज आला. खुळ्ळ. खुळ्ळ. खुळ्ळ. लोखंडाच्या कड्या रस्त्यावरून ओढत आणल्यासारखा.

धुक्यातून एक माणूस आला. खाकी अर्धी चड्डी, डोक्याला मुंडासं, खांद्यावर घोंगडं. चेहरा दिसेना. आवाज मात्र इतका साधा, इतका गरीब, की भीतीच वाटली नाही. हीच त्याची पहिली चलाखी!

म्हणाला, “दादा, येवढं टोक धरा की. एकलाच हाय मी. खुंट्या किती सरकल्यात ते मोजायचंय.”

आणि त्यानं साखळीची पितळी मूठ पुढं केली.

तुम्ही म्हणाल, गावाचा नियम माहीत असून गाढवानं धरलीच कशी? ऐका, कशी धरली ते. दीड वर्ष कॉलेजात आम्हाला एकच वळण लावलं होतं. पुढचा म्हणाला ‘धर’ की मागच्यानं टोक खुंटीला लावून धरायचं. विचार करायचा नाही. आणि पुढचा ‘सोड’ म्हणेपर्यंत सोडायचं नाही. हात आपोआप गेला हो. मूठ धरली, गुडघा टेकला, टोक खुंटीला लावलं. बर्फासारखी गार होती मूठ.

तो मागं मागं चालायला लागला. तोंड माझ्याकडं, पाठ दरीकडं. खुळ्ळ, खुळ्ळ. साखळी असते तीस मीटरची. रस्ता असेल सात मीटर. तो रस्ता संपून पुढं गेला. कठडा ओलांडून गेला. खाली काही नाही, तीनशे फूट दरी, आणि हा चालतोय! जमिनीवरून चालल्यासारखा मागं मागं चालतोय, आणि साखळी संपत नाही, सुटतेच आहे, सुटतेच आहे.

मग आवाज थांबला. साखळी ताणली गेली.

आणि तो पडला.

मला झटका बसला तो इथं, खांद्यात. मी आडवा झालो, डांबरावरून घासत निघालो. पाय कशाला तरी अडकले, तो मैलाचा दगड होता. दोन्ही पाय दगडाला लावले आणि मागं रेललो. माणसाचं वजन होतं टोकाला. लोंबकळत होतं, हेलकावे खात होतं. खालून आवाज येत होता, “धरा हां दादा. धरा. येतो वर.”

हाताची कातडी निघत होती, पण मूठ सुटत नव्हती. का सुटत नव्हती, मी धरली होती म्हणून की तिनं मला धरलं होतं म्हणून, आजही सांगता येत नाही.

आणि तेवढ्यात जीपमधनं तात्या ओरडले. पूर्ण ताकदीनं!

“सोड! सोड रं उम्या! मी सोडली म्हणून जगलो!”

ऐकलंत? परत सांगू? ‘मी सोडली म्हणून जगलो.’

तात्या, खाली बघू नका. गुडघ्यात तोंड घालू नका. मी काही जोडलेलं नाही, तुमचेच शब्द आहेत. बाकीचंही त्या रात्री तुम्हीच रडत सांगितलंत. पाय घसरला नव्हता बयाजीचा. खुंट्या सरकल्यात हे त्याच्या लक्षात आलं होतं. किती सरकल्यात ते मोजायला तो संध्याकाळी एकटा आला. तुम्ही तिथं होता. त्यानं तुम्हाला टोक धरायला सांगितलं, तुम्ही धरलं. पाणथळीची माती सुटली, तो खाली लोंबला, साखळी तुमच्या हातात होती. आणि तुम्ही ती सोडली. मोजायचंच राहिलं मग. रस्ता गावातून गेला.

तात्या ओरडले आणि खालचा आवाज बंद झाला. हेलकावे थांबले. मग खालून नाही, लांबून नाही, माझ्या कानाशी कुणीतरी हळूच विचारलं,

“तात्या हायत व्हय गाडीत?”

साखळी एकदम सैल पडली. मूठ आपोआप उघडली. आणि ती साखळी रस्त्यावरून सरपटत जीपकडं निघाली! खुळ्ळ, खुळ्ळ, खुळ्ळ. तात्यांच्या बाजूच्या काचेला बाहेरून हात लागला. पाचही बोटं. काचेवर चुना उतरला. आवाज तसाच, गरीब.

“तात्या, आता तरी धरा की.”

मी कसा उठलो माहीत नाही. आत पडलो, गाडी रिव्हर्सला टाकली. तात्या दोन्ही हात काखेत घालून बसले होते. मूठ हातात येऊ नये म्हणून! आख्खा घाट मी उलटा उतरलो. मागं बघून, मान मोडून. साखळी समोर, दिव्यांच्या उजेडात, आमच्या पाठलागावर येत होती. ‘पाटेकोंड ५’ आला, तरी येत होती. ‘पाटेकोंड ६’ आला, तरी येत होती. एकदा मागचं चाक कठड्यावर चढलं आणि मला खालचा ओढा दिसला. तात्या बायकोचं नाव घेऊन रडायला लागले. राईपाशी दुधाचा टेम्पो वर येत होता, त्याचा उजेड पडला आणि रस्ता मोकळा झाला. साखळी नाही, खुंटी नाही. काचेवर चुना मात्र होता. तो टेम्पोवाल्यानंही पाहिला. म्हणाला, “रंगकाम काढलंय का?”

हा हात बघा. बॅटरी मारा आता, हवी तेवढी मारा. तात्यांनी गावात सांगितलं, उम्याचा हात जीपच्या दारात सापडला. आणि मी गप्प बसलो. दीड वर्ष गप्प! तुम्हाला शिव्या देतो, पण भ्यालो मीही. तुमच्यातलाच झालो.

आज गप्प बसणार नाही. त्या वळणावर रात्री जाऊ नका. आज नको, उद्या नको, कधीच नको. तिथं खुंटीला हात लावला की तो येतो. तुम्ही सात जण आहात, तो एकेकाला टोक धरायला सांगेल, आणि सोडायची सवय तर तुम्हाला आहेच. आणि समजा तो आला नाही. खुंट्या सरकवल्यात, साहेबाला कळलं नाही, रस्ता आठ हात दरीकडं गेला, पुन्हा पाणथळीवर. मग? सकाळच्या एसटीत बावीस पोरं असतात आपली. तुमचीच नातवंडं. ती गाडी खाली निघाली तर कुणी धरायची?

आता उठा. पहारी तिथंच आहेत.

काय झालं, बबनकाका? उचला की. नको? ओटा गेला तर गेला म्हणता? बरं. सांभाळून जा, पायरी ओली आहे. तुम्हीही निघालात? जा. सगळे जा. एकमेकांचा हात धरून निघालात, बरं दिसतंय.

तात्या, तुम्ही का बसलात?

काय? मोठ्यानं बोला, आता मला ऐकू येईना. बयाजीची बायको? आहे. धारेवरच असते, लेकाकडं. तिला अजून वाटतं, पाय घसरला. तुम्हाला तिला सांगायचंय? तुमच्या तोंडानं?

आत्ता नाही. आत्ता त्या वाटेनं मी तुम्हाला नेणार नाही, आणि एकटं जाऊही देणार नाही. सकाळी. उजाडल्यावर.

काय? सकाळी जीप काढ म्हणता?

तात्या, जीप धारेवर जात नाही. तिथं रस्ता कुठं आहे?